नव्या आमदारापुढचे तीन कागद

विधानसभेवर निवडून आलेल्या माणसाच्या हातात पहिल्या दिवशी जो कागद येतो तो शपथेचा असतो. कायद्याद्वारे स्थापित झालेल्या भारताच्या संविधानाबद्दल खरी श्रद्धा व निष्ठा बाळगीन, भारताची सार्वभौमता व एकात्मता उन्नत राखीन आणि हाती घेत असलेले कर्तव्य निष्ठापूर्वक पार पाडीन, एवढाच तिचा आशय आहे. संविधानाच्या तिसऱ्या अनुसूचीतील हा मजकूर सावकाश वाचला तर ध्यानात येते की त्यात पक्षाचा उल्लेख नाही, पक्षनेत्याचा नाही आणि मतदारसंघाचाही नाही. सभागृहात पहिले महत्त्वाचे मतदान होण्याच्या सुमारास दुसरा कागद येतो, तो पक्षाच्या प्रतोदाच्या सहीचा पक्षादेश असतो, ज्याला सगळे जण व्हीप म्हणतात. तिसरा कागद विधानभवनात येतच नाही. तो गावी, आमदाराच्या कार्यालयात, घडी घालून खिशातून काढलेल्या अर्जाच्या रूपाने येतो आणि तो आणणाऱ्याला त्यावर आमदाराचे शिफारसपत्र हवे असते.

‘सत्तेत गेला आणि बदलला’ हे वाक्य आपण फार सहज उच्चारतो. ते उच्चारताना आपण असे धरून चालतो की हा केवळ स्वभावाचा प्रश्न आहे: काही माणसे पक्की असतात, काही कच्ची निघतात. स्वभावाचा भाग असतोच, पण नव्या लोकप्रतिनिधीची जी ओढाताण होते तिचा बराच मोठा हिस्सा कायद्याने, पैशाच्या व्यवहाराने आणि रोजच्या रहाटगाडग्याने आधीच ठरवून ठेवलेला असतो. तो कसा, हे सोप्या शब्दांत मांडण्याचा हा प्रयत्न आहे. कोणत्याही आमदाराची वकिली करण्याचा हेतू त्यात नाही.

पक्षादेशापासून सुरुवात करू, कारण तिथे नियम लिखित आहेत. १९६७ मध्ये हरियाणाचे आमदार गया लाल यांनी अवघ्या काही दिवसांत अनेकदा पक्ष बदलला आणि ‘आयाराम गयाराम’ हा शब्दप्रयोग मराठीतही कायमचा रुजला. आमदारांच्या या घाऊक उड्या थांबवण्यासाठी १९८५ मध्ये ५२वी घटनादुरुस्ती झाली आणि संविधानाला दहावी अनुसूची जोडली गेली. तिचे सार असे की, ज्या पक्षाच्या चिन्हावर सदस्य निवडून आला त्या पक्षाचे सदस्यत्व त्याने स्वेच्छेने सोडले, किंवा पक्षाच्या आदेशाविरुद्ध सभागृहात मत दिले, किंवा मतदानाला तो गैरहजर राहिला, तर त्याचे सदस्यत्व जाते. आदेश मोडणाऱ्या एकट्या सदस्याला यातून सुटण्याच्या वाटा दोनच आहेत: पक्षाची परवानगी आधी घेणे, किंवा मतदानानंतर १५ दिवसांच्या आत पक्षाने ते वर्तन माफ करणे. निर्णय देण्याचा अधिकार अध्यक्षांकडे असतो, आणि अध्यक्ष बहुधा सत्ताधारी बाजूचेच असतात.

याचा अर्थ प्रत्यक्षात काय होतो ते पाहू. समजा, एका नव्या आमदाराने प्रचारात गावोगाव सांगितले की तालुक्यातली बागायती जमीन औद्योगिक वसाहतीसाठी जाऊ देणार नाही, आणि दीड वर्षाने त्याच्याच पक्षाच्या सरकारने भूसंपादन सोपे करणारे विधेयक आणले. बाजूने मत दिले तर मतदारांना दिलेला शब्द मोडतो. विरोधात दिले तर आमदारकी जाऊ शकते. त्या दिवशी प्रकृती बिघडल्याचे कारण सांगून घरी थांबण्याची जुनी युक्तीही उपयोगी पडत नाही, कारण गैरहजेरी आणि विरोध यांत दहावी अनुसूची फरक करत नाही. त्याहून महत्त्वाचे म्हणजे हा कायदा हेतू विचारत नाही. पैसे घेऊन फुटलेला आमदार आणि मतदारांना दिलेल्या शब्दाखातर विरोधात गेलेला आमदार हे दोघेही त्याच्या लेखी एकाच रांगेत उभे असतात.

सर्वोच्च न्यायालयाने १९९२ मध्ये किहोतो होलोहान खटल्यात हा कायदा वैध ठरवला, पण त्याच निकालात असेही म्हटले की, सदस्यत्व घालवण्याइतका कडक पक्षादेश सरकार टिकण्या-पडण्याच्या मतदानापुरता, किंवा ज्या धोरणावर पक्षाने लोकांकडे मते मागितली त्याच्याशी थेट जोडलेल्या विषयांपुरता मर्यादित असावा. हे बंधन कागदावर चांगले दिसते. व्यवहारात पक्ष साध्या विधेयकांनाही आदेश काढतात आणि पहिल्यांदा निवडून आलेला आमदार त्याला आव्हान देण्याच्या भानगडीत पडत नाही, कारण खटला लढायचा तर अध्यक्षांपुढच्या सुनावणीपासून न्यायालयापर्यंत जायचे आणि तोवर पुढच्या उमेदवारीवर पाणी सोडायचे.

या कायद्याची सर्वांत विचित्र बाजू मात्र विलीनीकरणाच्या तरतुदीत आहे. सुरुवातीला एक तृतीयांश सदस्यांनी वेगळा गट केला तर त्याला ‘फूट’ म्हणून संरक्षण मिळत असे. २००३ च्या ९१व्या घटनादुरुस्तीने ते काढले, पण दोन तृतीयांश सदस्यांच्या संमतीने दुसऱ्या पक्षात विलीन होण्याची मुभा शिल्लक ठेवली. म्हणजे एकट्याने तत्त्वासाठी पक्षाविरुद्ध मत दिले तर आमदारकी जाते, आणि पुरेशा संख्येने मिळून सगळा संसारच दुसऱ्या घरी हलवला तर कोणाचीच जात नाही. गोव्यात जुलै २०१९ मध्ये काँग्रेसच्या १५ पैकी १० आमदारांनी भाजपमध्ये प्रवेश केला. १५ चे दोन तृतीयांश बरोबर १० होतात. त्यानंतर जानेवारी २०२२ मध्ये, निवडणुकीच्या तोंडावर, काँग्रेसने आपल्या उमेदवारांना पणजीचे महालक्ष्मी मंदिर, बांबोळीचा खुरीस (क्रूस) आणि बेतीचा दर्गा अशा तीन ठिकाणी नेऊन पक्ष न सोडण्याच्या शपथा घ्यायला लावल्या. त्या निवडणुकीत ११ जण निवडून आले आणि सप्टेंबर २०२२ मध्ये त्यांतले ८ जण भाजपमध्ये गेले. देवासमोरची शपथ टिकली नाही आणि दहावी अनुसूचीही आड आली नाही, कारण गणित पुन्हा जमले होते. गोव्याचाच आणखी एक दाखला इथे सांगण्यासारखा आहे: १९९४ च्या रवी नाईक खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, राजीनामा न देताही, केवळ वर्तनावरून सदस्याने पक्ष ‘स्वेच्छेने सोडला’ असा निष्कर्ष काढता येतो. त्यामुळे पक्षाविरुद्ध जाहीर सभेत काय बोलावे, कोणाच्या व्यासपीठावर बसावे, याचाही नव्या आमदाराला हिशेब ठेवावा लागतो.

ब्रिटनमध्ये पक्षादेश असतोच. व्हीप हा शब्दही तिथूनच आला. पण तिथे तो मोडल्याने खासदारकी जात नाही. मार्च २००३ मध्ये इराकवरील लष्करी कारवाईच्या प्रश्नावर सत्ताधारी मजूर पक्षाचे १३९ खासदार स्वतःच्या सरकारविरुद्ध मतदानाला उतरले आणि मतदान संपल्यावर खासदार म्हणूनच घरी गेले. आपल्याकडे घाऊक पक्षांतराच्या रोगावर जे औषध दिले गेले त्याने किरकोळ, प्रामाणिक मतभेदाची सवयही मारून टाकली, असे माझे मत आहे. आणि त्या औषधाने मूळ रोग बरा झाला असे महाराष्ट्रात २०२२ नंतर कोणी म्हणेल असे वाटत नाही.

आता पैशाकडे वळू. विधानसभेच्या उमेदवाराला मोठ्या राज्यांत ४० लाख रुपयांपर्यंत खर्च करता येतो. जानेवारी २०२२ मध्ये ती वाढली, त्याआधी ही मर्यादा ३० लाख ८० हजार होती. महाराष्ट्रात २०२४ मध्ये सुमारे ९ कोटी ७० लाख मतदार आणि २८८ मतदारसंघ होते, म्हणजे एका मतदारसंघात सरासरी ३ लाख ३७ हजार मतदार. ४० लाखांना या संख्येने भागले तर एका मतदारामागे १२ रुपये येतात, म्हणजे टपरीवरचा एक चहा. दोन आठवड्यांच्या प्रचारात वाहने, मंडप, पत्रके, बूथवर बसणाऱ्या कार्यकर्त्यांची जेवणे आणि मोठ्या नेत्याची एखादी सभा हे सगळे या रकमेत बसवायचे असते. ही मर्यादा उमेदवाराच्या खर्चाला आहे, पक्षाच्या खर्चाला नाही, हेही लक्षात ठेवायला हवे. निकालानंतर ३० दिवसांत उमेदवाराला हिशेब सादर करावा लागतो आणि तिथेच अनेकांची पहिली तडजोड होऊन गेलेली असते. ज्याने गाड्या दिल्या, ज्याने मंडप घातला, ज्याने गावातल्या चाळीस पोरांची आठवडाभराची व्यवस्था पाहिली, त्यांतला कोणी कंत्राटदार असतो, कोणी वाळूच्या धंद्यात असतो, कोणी शिक्षणसंस्था चालवत असतो. त्यांच्यापैकी कोणीही निकालाच्या दिवशी काही मागत नाही. ते फक्त हार घालायला येतात आणि फोटोत मागच्या रांगेत उभे राहतात.

तिसरा कागद सर्वांत साधा दिसतो आणि माझ्या समजुतीप्रमाणे सर्वांत जास्त झीज तोच करतो. एका तालुक्याच्या गावी, पहिल्यांदाच निवडून आलेल्या एका आमदाराच्या कार्यालयात मी एक संपूर्ण सकाळ बसलो होतो. आठ वाजता चपलांचा ढीग दाराबाहेर होता आणि आत प्लॅस्टिकच्या खुर्च्या भरल्या होत्या. शेतातली डीपी, म्हणजे विजेचे रोहित्र, जळून नऊ दिवस झाले तरी बदलून मिळत नाही, म्हणून सहा शेतकरी एकत्र आले होते. एकाला नातेवाइकाच्या शस्त्रक्रियेसाठी मुख्यमंत्री सहायता निधीचे पत्र हवे होते. एका पोराला नुसता पोलीस ठाण्यात फोन हवा होता, कशासाठी ते तो मोठ्याने सांगत नव्हता. आमदार प्रत्येकाला ऐकत होते आणि स्वीय सहायक नोंदवहीत नाव, गाव, काम आणि कोणाच्या ओळखीने आला, असे चार रकाने भरत होता. या चौथ्या रकान्याकडे पाहत मी बराच वेळ बसलो होतो.

मग एक आजी पुढे आल्या. त्यांचा मुलगा कनिष्ठ अभियंता म्हणून दूरच्या जिल्ह्यात होता आणि नवऱ्याला अर्धांगवायू झाला होता. “दादा, पोराला तेवढा जवळ आणा, बाकी काय मागत नाही,” असे त्या म्हणाल्या. आमदारांनी निवडणुकीआधी बदल्यांच्या बाजाराविरुद्ध तालुकाभर भाषणे केली होती. त्यांनी विचारले, “आजी, पोराला तिथं किती वर्षं झाली?” दीड वर्ष, असे उत्तर आले. आमदार थोडा वेळ गप्प राहिले, मग सहायकाकडे पाहून म्हणाले, “पत्र करा, वडिलांच्या आजाराचे कागद सोबत जोडा.”

या दीड वर्षाच्या प्रश्नामागे एक कायदा आहे. महाराष्ट्रात २००५ चा बदली कायदा आहे, ज्यामागे अण्णा हजारे यांच्या आंदोलनाचा रेटा होता. त्यानुसार एका पदावरचा सर्वसाधारण कालावधी तीन वर्षांचा असतो, बदल्या एप्रिल-मे महिन्यांत व्हाव्यात आणि मुदतीपूर्वी बदली करायची तर तिची विशेष कारणे लेखी नोंदवून वरिष्ठ प्राधिकाऱ्याची मान्यता घ्यावी लागते. सरकारी कर्मचाऱ्याने आपल्या सेवाविषयक कामासाठी राजकीय दबाव आणणे हे वर्तणूक नियमांत गैर ठरवलेले आहे. म्हणजे आमदाराचे पत्र हा कायद्याने ओळखलेला मार्गच नाही. तरी ते लिहिले जाते, मंत्र्याच्या कार्यालयात पोहोचते आणि कधी कधी कामही होते. आजींचे काम माझ्या मते खरे होते. पण त्याच वहीत, त्याच सकाळी, त्याच शब्दांत दुसरेही एक पत्र झाले: तालुक्यात वाळूच्या गाड्या अडवणाऱ्या एका अधिकाऱ्याची ‘प्रशासकीय सोयीने’ अन्यत्र बदली व्हावी, असे पत्र. ते ज्याने मागितले तो मागच्या रांगेतल्या फोटोतला होता. आमदारांनी त्यावर सही केली नाही, ‘बघू’ म्हणून बाजूला ठेवले. ते पत्र फाडलेही नाही. मला वाटते, नव्या राजकारण्याची खरी अवस्था त्या ‘बघू’ या शब्दात असते.

पत्रामागून उपकाराची साखळी येते, तीही समजून घ्यायला हवी. आमदाराच्या पत्रावर मंत्र्याने काम केले की ते मंत्र्याच्या खात्यावर जमा होते. पुढे कधीतरी त्याच मंत्र्याच्या खात्याच्या पुरवणी मागण्यांवर, म्हणजे अर्थसंकल्पानंतर मागितलेल्या जादा खर्चावर, चर्चा असते, किंवा लक्षवेधी सूचनेत त्याला अडचणीचा प्रश्न विचारायचा असतो, तेव्हा आमदाराची जीभ जरा मऊ होते. इथे पैसा कोणी घेतलेला नसतो आणि कायदाही कोणी मोडलेला नसतो. त्यामुळेच याला भ्रष्टाचार म्हणता येत नाही आणि तत्त्वनिष्ठाही म्हणता येत नाही.

निधीची गोष्ट यापेक्षा वेगळी नाही. महाराष्ट्रात प्रत्येक आमदाराला स्थानिक विकासासाठी वर्षाला ५ कोटी रुपयांपर्यंतची कामे सुचवता येतात. प्रशासकीय मान्यता जिल्हाधिकारी देतात. वर काढलेल्या सरासरीने भागले तर एका मतदारामागे वर्षाला १५० रुपयांच्या आसपास रक्कम येते. यात एखादा सभामंडप, चार ठिकाणी हायमास्ट दिवे, गल्लीत पेव्हर ब्लॉक, व्यायामशाळेचे साहित्य एवढेच होऊ शकते. मोठा रस्ता, पूल, पाणीपुरवठा योजना हवी असेल तर राज्याच्या अर्थसंकल्पात किंवा पुरवणी मागण्यांत ती घालून घ्यावी लागते, अथवा जिल्हा नियोजन समितीकडे जावे लागते, जिचे अध्यक्ष पालकमंत्री असतात. म्हणून विरोधी बाकावर बसलेल्या नव्या आमदाराला पहिल्या सहा महिन्यांतच कळते की आपण सभागृहात जितके चांगले बोलू तितका आपल्या गावचा रस्ता लांबतो. सरकार बदलले की आधीच्या सरकारने मंजूर केलेल्या कामांना स्थगिती देण्याची पद्धतही आपल्याकडे आहे. २०२२ च्या सत्तांतरानंतर असे झाले तेव्हा वाद मुंबई उच्च न्यायालयापर्यंत गेला. पक्ष बदलणारा प्रत्येक आमदार ‘मतदारसंघाच्या विकासासाठी’ हे शब्द वापरतो आणि आपण त्यावर हसतो. हसणे रास्त आहे, पण त्या वाक्यात निम्मे तरी सत्य असते आणि ते निम्मे सत्य निधीवाटपाच्या पद्धतीने तयार केलेले असते.

आमदाराचा मंत्री झाला की कात्री आणखी घट्ट होते. मंत्र्यांची संख्या सभागृहाच्या १५ टक्क्यांपेक्षा जास्त असू शकत नाही, म्हणजे महाराष्ट्रात मुख्यमंत्र्यांसह ४३. त्यामुळे एका खुर्चीसाठी बरेच जण वाट पाहत असतात. शिवाय मंत्रिमंडळ विधानसभेला सामूहिकरीत्या जबाबदार असते. याचा साधा अर्थ असा की बैठकीत कितीही भांडा, निर्णय झाल्यावर बाहेर त्याचे समर्थन करा, नाहीतर बाहेर पडा. या पेचाचे मराठी माणसाला सर्वांत जवळून माहीत असलेले उदाहरण संयुक्त महाराष्ट्राच्या काळातले आहे, आणि त्यात दोन माणसांनी नेमके उलट मार्ग निवडले.

चिंतामणराव देशमुख हे मुळात राजकारणी नव्हते. आयसीएस अधिकारी, रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर आणि १९५० पासून केंद्रीय अर्थमंत्री, असा त्यांचा प्रवास. १९५२ मध्ये ते कुलाबा मतदारसंघातून काँग्रेसच्या तिकिटावर लोकसभेत गेले. जानेवारी १९५६ मध्ये मुंबई केंद्रशासित ठेवण्याचा निर्णय जाहीर झाला, शहर पेटले आणि पोलिसांच्या गोळीबारात माणसे मेली. त्या सगळ्या आंदोलनात शंभरावर बळी गेले. देशमुखांनी जुलै १९५६ मध्ये मंत्रिपद सोडले. लोकसभेतील निवेदनात त्यांचा रोख मुंबईपुरताच नव्हता. एवढा मोठा निर्णय मंत्रिमंडळात रीतसर न येता जाहीर होतो आणि गोळीबाराची न्यायालयीन चौकशी नाकारली जाते, ही कार्यपद्धती आपल्याला मान्य नाही, असे त्यांचे म्हणणे होते. नेहरूंनी हे म्हणणे मान्य केले नाही. थोडक्यात, सामूहिक जबाबदारी माझ्यावर टाकता तर निर्णयही सामूहिक असला पाहिजे, असा देशमुखांचा युक्तिवाद होता. आजही एखादा मंत्री राजीनाम्याचा विचार करत असेल तर त्याने तो मुळातून वाचावा.

यशवंतराव चव्हाण त्या वेळी मुंबई राज्यात मंत्री होते. त्यांनी १९५५ च्या अखेरीस, नेहरूंचे नेतृत्व संयुक्त महाराष्ट्रापेक्षा आपल्याला मोठे वाटते, अशा आशयाची भूमिका घेतली आणि मराठी मुलखात त्यांच्यावर शिव्यांचा पाऊस पडला. नोव्हेंबर १९५६ मध्ये मराठी आणि गुजराती मुलूख एकत्र ठेवणारे विशाल द्वैभाषिक मुंबई राज्य अस्तित्वात आले आणि ४३ वर्षांचे चव्हाण त्याचे मुख्यमंत्री झाले, म्हणजे जे राज्य मराठी जनतेला नको होते ते चालवण्याची जबाबदारी त्यांनी घेतली. १९५७ च्या निवडणुकीत पश्चिम महाराष्ट्रात काँग्रेसची वाताहत झाली, स्वतः चव्हाण कराडमधून निसटते निवडून आले. त्याच वर्षी ३० नोव्हेंबरला प्रतापगडावर शिवाजी महाराजांच्या पुतळ्याच्या अनावरणासाठी नेहरू आले तेव्हा संयुक्त महाराष्ट्र समितीने काळ्या निशाणांनी त्यांचे स्वागत केले. द्वैभाषिक चालणार नाही हे दिल्लीला पटवण्याचे काम, रस्त्यावर समिती आणि आतून चव्हाण, असे दोन्हीकडून झाले, आणि १ मे १९६० रोजी मुंबईसह महाराष्ट्र झाला. बेळगाव-कारवारचा प्रश्न तसाच राहिला आणि डांग गुजरातकडे गेला.

या दोघांतला कोण बरोबर, असा प्रश्न वर्गात हटकून विचारला जातो. माझ्या मते तो चुकीच्या जागी विचारलेला असतो. देशमुखांच्या मागे पक्षसंघटना नव्हती, कार्यकर्ते नव्हते. त्यांच्याकडे देण्यासारखी एकच गोष्ट होती, ती म्हणजे स्वतःचे पद, आणि ती त्यांनी योग्य वेळी दिली. चव्हाणांकडे संघटना होती, पण ती आत राहिल्याशिवाय वापरता येत नव्हती. मात्र एक गोष्ट विसरू नये: आत राहून तडजोड करणाऱ्याचे समर्थन ज्या १९६० च्या निकालाने होते, तो निकाल समितीच्या रस्त्यावरच्या रेट्याशिवाय मिळाला असता असे मानायला आधार नाही. ‘आत राहिलो म्हणून काम झाले’ असे म्हणणाऱ्या प्रत्येक नव्या आमदाराला, बाहेर रेटा कोण देत होते, हे विचारायला हरकत नाही.

तडजोडीची किंमत कशी मोजायची, हा पुढचा प्रश्न. कायदामंत्री डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी २७ सप्टेंबर १९५१ रोजी राजीनामा दिला. हिंदू कोड बिल रखडवले गेले हे त्यामागचे एक प्रमुख कारण होते. त्यानंतर नेहरू सरकारने ते एकसंध विधेयक सोडून १९५५ आणि १९५६ मध्ये विवाह, वारसा, पालकत्व आणि दत्तक यांचे चार स्वतंत्र कायदे केले. तुकड्यांनी का होईना, कायदे झाले, हे या तडजोडीचे यश. पण वडिलोपार्जित मिळकतीत जन्माने हक्क देणारी मिताक्षर सहदायादाची (जन्मतः वाटेकरी असण्याची) पद्धत, जी आधीच्या मसुद्यात मोडीत काढली होती, ती १९५६ च्या वारसा कायद्यात जिवंत ठेवली गेली आणि वडिलोपार्जित मिळकतीत जन्मतः वाटा फक्त मुलग्यांनाच राहिला. मुलींना सहदायाद म्हणून तो हक्क महाराष्ट्रात १९९४ मध्ये आणि देशभर २००५ मध्ये मिळाला. या तडजोडीची किंमत महाराष्ट्रात ३८ वर्षांची आणि अन्य बऱ्याच भागांत ४९ वर्षांची होती, आणि ती मोजणाऱ्या बायका ज्या सभागृहात तडजोड झाली तिथे फारशा बसलेल्या नव्हत्या. एखादा नेता ‘थोडे पुढे-मागे करावे लागते’ असे म्हणतो तेव्हा मागे कोणाला राहावे लागते आहे, एवढे विचारले तरी बरेच उमगते.

उलट बाजूचे उदाहरणही महाराष्ट्राचेच आहे. १९७२ च्या दुष्काळात विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे यांच्या कल्पनेतली रोजगार हमी योजना मोठ्या प्रमाणावर उभी राहिली. तिच्यासाठी पैसा हवा म्हणून १९७५ मध्ये व्यवसाय कर आला, ज्याचा मोठा वाटा शहरातल्या पगारदारांच्या खिशातून जातो. योजनेचा कायदा १९७७ मध्ये झाला. मजुराला कामाचा हक्क मिळाला, तोही किमान दराने आणि अंगमेहनतीच्याच कामाचा. पागे काही सगळे मिळवू शकले नाहीत, पण काय सोडले आणि कोणी भरले हे सगळे उघड्यावर होते.

नव्या आमदाराला पक्षादेशाच्या बाहेरही थोडी मोकळी जागा असते आणि ती सहसा वाया जाते. तारांकित प्रश्नाला, म्हणजे मंत्र्याने सभागृहात तोंडी उत्तर द्यायच्या प्रश्नाला, पक्षादेश लागत नाही. लोकलेखा समिती, अंदाज समिती अशा विधिमंडळाच्या समित्यांत सर्व पक्षांचे सदस्य कागदपत्रे घेऊन अधिकाऱ्यांना समोरासमोर विचारतात आणि तिथे गॅलरी नसल्याने घोषणाही नसतात. अशासकीय विधेयक मंत्री नसलेला कोणताही सदस्य मांडू शकतो, फक्त ते मंजूर होण्याची आशा ठेवू नये. संसदेत स्वातंत्र्यानंतर अशी १४ विधेयके मंजूर झाली आणि त्यांतले शेवटचे १९७० मध्ये. तरी ते छापले जाते, सभागृहाच्या कामकाजात नोंदले जाते आणि पुढच्या सरकारला उसने घेता येते. एका बाबतीत मात्र आता संदिग्धता उरलेली नाही: मार्च २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायाधीशांच्या पीठाने, १९९८ चा जुना निकाल फिरवून, सभागृहातील मतासाठी किंवा भाषणासाठी लाच घेणाऱ्या सदस्याला विशेषाधिकाराचे संरक्षण नाही, असे स्पष्ट केले.

एवढे सगळे झाल्यावर मतदाराने आपल्या आमदाराचे काय पाहावे, हा व्यावहारिक प्रश्न उरतो, आणि तिथे एक तांत्रिक अडचण आहे. सभागृहात बहुतेक विधेयके आवाजी मतदानाने मंजूर होतात. अध्यक्ष प्रस्ताव वाचतात, अनुकूल असतील त्यांनी ‘होय’ म्हणायचे, प्रतिकूल असतील त्यांनी ‘नाही’, आणि ज्या बाजूचा आवाज मोठा वाटेल तिच्या बाजूने अध्यक्ष निर्णय जाहीर करतात. कोण काय म्हणाले याची नावानिशी नोंद होत नाही. ती हवी असेल तर सदस्यांनी मतविभागणी मागावी लागते. विश्वासदर्शक ठरावाच्या वेळी शिरगणती होते तेव्हा प्रत्येक जण उठून आपला क्रमांक सांगतो आणि ती दृश्ये आपण दूरचित्रवाणीवर पाहतो. पण भूसंपादनाच्या त्या विधेयकाच्या वेळी, गावोगाव शब्द देऊन आलेला आपला आमदार तिसऱ्या रांगेत बसलेला असतो, सभागृहात एकदम ‘होय’चा गलका उठतो, आणि त्यात त्याचा आवाज होता की नाही हे फक्त त्याच्या शेजारच्या बाकावरच्या माणसाला माहीत असते.